वाडग्यातला भात आणि दादांची माळ

आमच्या बोरी बुद्रुक गावात परदेशातून आलेली पहिली वस्तू कोणती, असा प्रश्न मी शाळेत इतिहास शिकवताना मुलांना विचारत असे. कुणी म्हणायचं रेडिओ, कुणी ट्रॅक्टर. एखादा हुशार पोरगा म्हणायचा, चहा. मग मी वर्गच्या वर्ग कुकडी नदीच्या काठी घेऊन जायचो. तिथे पाण्यानं कापलेल्या दरडीत एक पांढुरका थर दिसतो. चिमटीत धरला तर भस्मासारखा मऊ लागतो. ही ज्वालामुखीची राख. इंडोनेशियातल्या सुमात्रा बेटावरच्या टोबा ज्वालामुखीची ती मानली जाते. ७४ हजार वर्षांपूर्वीच्या महास्फोटाची की त्याहूनही फार जुन्या स्फोटाची, यावर अभ्यासकांचा वाद चालतो. राखेच्या सोबतीनं आदिमानवाची दगडी हत्यारंही या काठावर सापडली आणि पुण्याच्या डेक्कन कॉलेजमुळे आमच्या गावाचं नाव जगभरच्या संशोधकांना ठाऊक झालं. मुलांना मी एवढंच सांगायचो, की बाबांनो, समुद्र ओलांडून आलेली वस्तू आपल्या मातीत आपल्या आधीपासून आहे.

आज मात्र मला बोलायचं आहे ते राखेबद्दल नव्हे, एका पदार्थाबद्दल. वाडगाभर गरम भात आणि त्यावर मांसाचा लालभडक दाट रस्सा. अर्धा जपानी, अर्धा हंगेरियन. हा पदार्थ आमच्या परसातल्या चुलीवर शिजला आणि त्यापायी आमच्या घरात एक जुना प्रश्न निघाला. घरातली गोष्ट आहे, पण दादांची, म्हणजे माझ्या थोरल्या भावाची, परवानगी घेऊनच सांगतो आहे.

दादा माळकरी. पंढरीची वारी त्यांनी कधी चुकवली नाही. त्यांचा मुलगा, माझा पुतण्या, चाकणला गाड्यांचे सुटे भाग करणाऱ्या एका कारखान्यात आहे. कंपनीनं त्याला दोन वर्षांसाठी हंगेरीला पाठवलं. डॅन्यूब नदीच्या काठी एस्तेरगोम नावाचं जुनं गाव आहे. तिथे १९९२पासून सुझुकी या जपानी कंपनीच्या मोटारी तयार होतात. त्यामुळे त्या गावात जपानी आणि हंगेरियन माणसं एकमेकांच्या शेजारी राहतात. पुतण्याच्या खोलीत एक जपानी सोबती होता. घरमालकीण हंगेरियन बाई. थंडीच्या दिवसांत बाई पातेलंभर रस्सा करायची आणि उरलेला पोरांना आणून द्यायची. जपानी गडी कुकरमध्ये चिकट भात लावायचा, त्यावर तो रस्सा ओतायचा आणि वरून सोया सॉसची धार सोडायचा. असा हा पदार्थ. कुठल्या मोठ्या आचाऱ्यानं शोधलेला नव्हे. उरलंसुरलं आणि भूक, यांतून झालेला.

त्या रश्श्यातलं मांस गायीबैलाचं होतं. पोरगं सरळ स्वभावाचं. फोनवर बापानं विचारलं, जेवतोस काय, तर त्यानं खरं ते सांगून टाकलं. दादांनी फोन वहिनींच्या हातात दिला. त्यानंतर जवळजवळ वर्षभर बाप-लेक एकमेकांशी बोलले नाहीत. पोरगा परत आला, घरात वावरू लागला, तरी दोघांचं बोलणं वहिनींच्या मार्फतच. "त्याला म्हणावं पाण्याची पाळी आपली आहे." "त्यांना सांग मोटार चालू केली." असं.

एके दिवशी पुतण्या म्हणाला, "काका, तो पदार्थ मी इथं करून दाखवतो. बोकडाचं मटण घालून." दादा ओट्यावर बसले होते. माळ ओढता ओढता, कुणाकडेही न बघता म्हणाले, "असलं परकं या घरात नको. आपल्यात हे कधीच नव्हतं."

मटण नको, एवढंच ते म्हणाले असते तर मी गप्प बसलो असतो. आमच्याकडे मटण शिजतं ते परसातल्या तीन दगडांच्या चुलीवर, वेगळ्या भांड्यात. माळकऱ्याच्या घरात ही रीत असतेच. पण 'कधीच नव्हतं' हे शब्द मला टोचले. तीस वर्षं इतिहास शिकवलेल्या माणसाला 'कधीच' हा शब्द सहन होत नाही. म्हणून मी या वाडग्यातला एकेक जिन्नस उचलून त्याचं गाव विचारायचं ठरवलं.

सुरुवात जपानपासून करू. भातावर गोमांसाचे पातळ काप आणि कांदा घालून केलेल्या पदार्थाला तिकडे 'ग्यूदोन' म्हणतात. आज तो जपानमधल्या कामकऱ्यांचा रोजचा घास आहे, आपल्या वडापावासारखा. आपल्याला वाटेल, हे लोक पिढ्यान् पिढ्या हेच खात आले असणार. पण इ.स. ६७५मध्ये सम्राट तेम्मू यांनी फर्मान काढून गायबैल, घोडा, कुत्रा, माकड आणि कोंबडी यांचं मांस खायला बंदी केली. ती वर्षातल्या ठरावीक महिन्यांपुरती होती, म्हणजे शेतीच्या हंगामात. पुढे बौद्ध धर्माच्या प्रभावानं ती समजूत आणखी घट्ट झाली. शिकारीचं मांस कुठे कुठे खाल्लं जाई, औषध म्हणूनही मांस घेतलं जाई. पण बैल हा शेतातला सोबती. त्याला कापून खाणं जपानी शेतकऱ्याला पटत नव्हतं. ही मनोधारणा थोडीथोडकी नाही, जवळजवळ बाराशे वर्षं टिकली. दादांना मी हे सांगितलं तेव्हा त्यांनी माळ थांबवली. "म्हणजे तिकडंबी पोळा होता म्हण की," एवढंच म्हणाले.

मग हे बदललं कसं? १८५३मध्ये अमेरिकी लढाऊ जहाजं जपानच्या किनाऱ्याला लागली. बंद दारं उघडावी लागली. नव्या मेइजी राजवटीनं ठरवलं, की पाश्चात्त्यांशी टक्कर द्यायची तर त्यांच्यासारखी ताकद हवी आणि त्यांच्यासारखं खाणंही हवं. जानेवारी १८७२मध्ये स्वतः सम्राटांनी गोमांस खाल्लं आणि ही बातमी मुद्दाम लोकांपर्यंत जाऊ दिली. सगळ्यांना ते रुचलं असं नव्हे. त्यानंतर महिन्याभरातच काही तपस्वी निषेध करायला राजवाड्यात घुसू पाहत होते. झटापटीत त्यांतल्या काहींचा जीव गेला. ताटात काय पडावं यावरून माणसं मरायला तयार होतात, हे काही आपल्याच देशात घडतं असं नाही.

शहरांतून मग 'ग्यूनाबे' म्हणजे गोमांसाच्या हंड्या शिजवणारी दुकानं निघाली. चवीला सोया सॉस, साखर, मिसो, सगळं जपानीच. मांस नवं आणि मसाला जुना, म्हणून ते लोकांच्या गळी उतरलं. तेच पुढे भातावर आलं. १८९९मध्ये तोक्योच्या निहोन्बाशी मासळीबाजारात योशिनोया नावाचं दुकान निघालं. मासळीबाजारातल्या माणसांना उभ्याउभ्या दोन घास खाऊन कामाला लागायचं असे. त्यांच्यासाठी वाडगाभर भात, वर मांस. आणखी एक गंमत. या वाडग्यात मांसाइतकाच महत्त्वाचा असतो कांदा. आपला गोल कांदासुद्धा जपानमध्ये रुजला तो याच मेइजी काळात, उत्तरेच्या होक्काइदो बेटावर. त्याआधी त्यांच्याकडे होता तो पातीचा कांदा. म्हणजे ज्याला आज जग अस्सल जपानी म्हणतं, त्या वाडग्यातलं मांस नवं, कांदाही नवा. जुना म्हणाल तर भात आणि सोया सॉस.

आता हंगेरीकडे वळू. तिथला 'गुयाश' इंग्रजांनी 'गुलाश' करून जगभर नेला. 'गुयाश' म्हणजे मुळात गुराखी. हंगेरीच्या विस्तीर्ण माळावर गुरं राखणारी माणसं लोखंडी हंडा तिकाटण्याला टांगून त्यात मांस आणि कांदा शिजवत. त्याला आमटीसारखं पातळ ठेवलं तर तो गुयाश, आटवून दाट केलं तर 'प्योर्कोल्ट'. घरमालकीण बाई द्यायची तो हा दाट प्रकार. हे गरिबाचं खाणं. सरदार-जमीनदारांच्या मेजावर त्याला जागा नव्हती. पण हंगेरीवर तेव्हा व्हिएन्नाच्या हॅब्सबर्ग घराण्याचं राज्य होतं. १७८४मध्ये सम्राट दुसरा जोसेफ यानं कारभाराची भाषा जर्मन असेल असा हुकूम काढला. हंगेरियन सरदार दुखावले. आम्ही वेगळे, हे दाखवायला त्यांनी आपली भाषा, आपला पोशाख आणि गुराख्याचा हा हंडा, तिन्ही डोक्यावर घेतलं. काल जे खाणं हलकं मानलं होतं तेच राष्ट्राचं खाणं झालं.

आणि या राष्ट्रीय पदार्थाचा प्राण म्हणजे पाप्रिका, लाल मिरचीची पूड. आधीच्या गुराख्याच्या हंड्यात ती नव्हतीच. १५२६च्या मोहाचच्या लढाईत तुर्कांनी हंगेरीच्या राजाचा पराभव केला. पुढे १५४१ ते १६८६ बुडा शहर तुर्कांच्या ताब्यात होतं. मिरची आली ती या तुर्की काळात. हंगेरियन लोक तिला आधी 'तुर्की मिरी'च म्हणत. शत्रूच्या नावानं आलेली वस्तू आज सेगेद आणि कालोचा या गावांचा अभिमान आहे. शरद ऋतूत तिथल्या घरांच्या भिंतींवर मिरच्यांच्या माळा वाळत असतात. सेगेदच्याच विद्यापीठात आल्बर्ट सेंट-ज्यॉर्जी या शास्त्रज्ञानं या मिरचीपासून क जीवनसत्त्व भरपूर प्रमाणात मिळवलं. १९३७चं नोबेल पारितोषिक त्याला मिळालं. त्याची एक आठवण प्रसिद्ध आहे. एका रात्री जेवणात मिरच्या आल्या, त्याला त्या खायच्या नव्हत्या आणि बायकोला तसं सांगायची हिंमतही नव्हती. म्हणून त्या तपासून बघतो असं सांगून तो प्रयोगशाळेत घेऊन गेला.

'पाप्रिका' हा शब्द बघा. तिकडच्या स्लाव्ह भाषांत मिरीला 'पापर' म्हणतात. पापरचं धाकटं रूप पाप्रिका. आपण काय केलं? मिरी हा आपला जुना शब्द. तिच्यासारखी झणझणीत नवी वस्तू आली, तिला आपण मिरची म्हटलं. हजारो किलोमीटर दूर असलेल्या दोन समाजांनी, एकमेकांना न विचारता, एकाच पाहुणीला एकाच रीतीनं नाव दिलं. दोघांनीही तिला मिरीची लेक ठरवलं.

कारण मिरची आपलीही नव्हे. ती मूळची अमेरिका खंडातली. कोलंबस १४९२मध्ये तिकडे पोचला, त्यानंतर ती बाहेर पडली. पोर्तुगिजांनी १५१०मध्ये गोवा घेतला आणि त्यांच्या जहाजांतून ती आपल्या किनाऱ्याला उतरली. मुंबईकडे तिला 'गोवई मिरची' असंही नाव होतं. ती इतक्या झपाट्यानं पसरली, की १५४२ साली लिओनहार्ट फुक्स या जर्मन वनस्पतिशास्त्रज्ञानं आपल्या ग्रंथात तिला कालिकतची मिरी म्हणून टाकलं. पन्नास वर्षांत युरोपातल्या विद्वानालाही ती हिंदुस्थानीच वाटू लागली, तर पाचशे वर्षांनी आपल्याला तसं वाटलं यात नवल नाही.

तेच पोर्तुगीज १५४३मध्ये जपानला पोचले. पोर्तुगीज भाषेत भाकरीला 'पाँव' म्हणतात. आपल्याकडे त्याचा पाव झाला, जपानमध्ये 'पान' झाला. जपानी मिरचीला तिकडे 'तोगाराशी' म्हणतात. त्या शब्दाचा अर्थ होतो चीनचं, म्हणजे परदेशातलं, तिखट. इतर लोक विसरले, जपानी भाषेनं मात्र मिरचीचं परकेपण नावात जपून ठेवलं.

मिरची नव्हती तेव्हा आपल्याकडे काय होतं? कल्याणीचा चालुक्य राजा तिसरा सोमेश्वर यानं इ.स. ११३०च्या सुमारास 'मानसोल्लास' नावाचा संस्कृत ग्रंथ सिद्ध केला. त्यात राजाच्या भोजनावर स्वतंत्र भाग आहे. मांडे आहेत, वडे आहेत, दह्यादुधाचे प्रकार आहेत. मांसाचेही पुष्कळ आहेत, अगदी शेतातले उंदीर भाजून खाण्याचासुद्धा. तिखटपणा आहे तो मिरी, आलं आणि हिंगाचा. मिरचीचा कुठे पत्ता नाही. बटाटा नाही, टोमॅटो नाही, शेंगदाणा नाही. म्हणजे आज आमच्या घरात 'आपलं' म्हणून जो रस्सा होतो, त्यातल्या अर्ध्या वस्तू त्या राजाच्या आचाऱ्यानं बघितल्याही नव्हत्या.

हे मी दादांना सांगत होतो. त्यांचा चेहरा काही बदलेना. मग मी जरा लागट बोललो. म्हणालो, "दादा, तुम्ही एकादशीला काय खाता? साबुदाण्याची खिचडी. साबुदाणा होतो कसाव्याच्या कंदापासून, तो कंद ब्राझीलकडचा. शेंगदाणा दक्षिण अमेरिकेतला. बटाटा तिकडचाच. हिरवी मिरची तिकडची. रताळंही तिकडचं. वारीच्या वाटेवरचा तुमचा उपास म्हणजे सगळा समुद्रापलीकडचा माल."

दादा उठून गोठ्यात गेले. वहिनी म्हणाल्या, "भावजी, जिंकलात. आता मिळालं का काही?"

खरं सांगतो, काही मिळालं नव्हतं. संध्याकाळी मी गोठ्यात गेलो. आमच्याकडे आता एकच बैलजोडी उरली आहे. कामाला ट्रॅक्टर आहे, बैल दादांच्या हौसेखातर. ते त्यांच्या पाठीवरून हात फिरवत होते. म्हणाले, "तुझा इतिहास खरा असंल. पन माझ्या बापानं ह्यांच्या आज्यावर जमीन नांगरली. त्या जमिनीवर तू शिकलास. मी ते खानार न्हाई, ह्याला इतिहास कशाला लागतो?"

इतकी वर्षं वर्गात जे मला नीट सांगता आलं नव्हतं, ते दादांनी एका वाक्यात सांगितलं. आपण काय खावं आणि काय खाऊ नये, हे ठरवायला कृतज्ञता पुरते, श्रद्धा पुरते. महाराष्ट्रात गायीच्या कत्तलीला १९७६च्या कायद्यानं बंदी आहे आणि २०१५मध्ये ती बैलांनाही लागू झाली. पण दादांचा नकार कायद्याच्या आधीचा आहे आणि कायद्याहून साधा आहे. त्याला 'आपल्यात कधीच नव्हतं' हा खोटा टेकू द्यायची गरज नाही. टेकू खोटा असला की मग तो कुणाच्याही पाठीत मारायची काठी होतो. स्वतःपुरता नकार वेगळा आणि दुसऱ्याला परका ठरवणं वेगळं. मी त्यांना एवढंच म्हणालो, "तुम्ही खाऊ नका. पण पोराला परकं करू नका. परमुलखात, हाडं गोठवणाऱ्या थंडीत, त्याला कुणीतरी गरम वाडगा दिला. त्यानं तो घेतला."

दादा काही बोलले नाहीत. पण जाताना मी त्यांना जुन्नरच्या लेण्यांतली एक गोष्ट सांगितली. सातवाहनांच्या काळात आपला हा मुलूख व्यापाराच्या हमरस्त्यावर होता. कल्याण-सोपाऱ्याकडून माल नाणेघाट चढून जुन्नरला यायचा. परदेशी व्यापारी इथे राहिले. त्यांना आपण यवन म्हणत होतो. जुन्नरच्या लेण्यांतल्या शिलालेखांत त्यांची दानं कोरलेली आहेत. इरिल नावाच्या यवनानं पाण्याची दोन टाकी दिली. आणि चिट नावाच्या यवनानं भिक्षुसंघाला दिला भोजनमंडप. परक्या माणसानं आपल्या डोंगरात जेवणाची जागा बांधून दिली आणि आपल्या लोकांनी तिथे बसून घास घेतला. भिंतीवरचं अक्षर दोन हजार वर्षांच्या आसपास टिकलं आहे.

दुसऱ्या रविवारी परसात चूल पेटली. आता तो पदार्थ कसा झाला ते सांगतो.

मटण बोकडाचं. यात तडजोड झाली असं कुणी म्हणू नये, कारण हंगेरीच्या कार्त्साग या गावचा मेंढीच्या मटणाचा प्योर्कोल्ट नावाजलेला आहे आणि जपानच्या होक्काइदोत मेंढीचं मटण आवडीनं खातात. मांडीचं बिनहाडाचं एक किलो मटण घेऊन त्याचे बोटभर लांब पातळ काप केले. अर्धा किलो कांदा बारीक चिरला. आळेफाट्याच्या बाजाराला जाणारा आमच्या शेतातलाच कांदा. तो तेलात मंद आचेवर गुलाबी होईपर्यंत परतला. इथे पुतण्यानं कढई चुलीवरून खाली उतरवली आणि मगच लाल पूड घातली. वहिनी चमकल्या. "तुला कुणी शिकवलं हे?" तो म्हणाला, "तिथल्या बाईनं. आचेवर घातली तर पाप्रिका जळते आणि कडू होते." वहिनी म्हणाल्या, "माझी आईबी तिखट घालताना भांडं खाली घ्यायची." डॅन्यूबकाठची बाई आणि कुकडीकाठची बाई, दोघींना मिरचीनंच ही अक्कल शिकवली असणार.

पाप्रिका आमच्याकडे कुठून असणार? ब्याडगी मिरची घेतली. रंगाला गडद, तिखटाला सौम्य. तिच्या बिया आणि आतल्या शिरा काढून कुटली. तीन मोठे चमचे. मग कढई पुन्हा चुलीवर ठेवून मटण घातलं, थोडं शहाजिरं, चार लसणाच्या पाकळ्या आणि अगदी थोडं मीठ. झाकण ठेवून मंद आचेवर तासभर. पाणी घातलं ते चमच्या-चमच्यानं, करपू नये एवढंच. कांदा विरघळून त्याचाच दाट रस झाला. शेवटी आल्याचा रस, चमचाभर साखर आणि दोन-तीन चमचे सोया सॉस. हा सॉस बाटलीतला, चायनीजच्या गाडीवर असतो तसला. आमच्या भागात आता सोयाबीनचं पीक घेतात, सॉस मात्र बाहेरून येतो.

राहिला भात. आमच्या पूर्व भागात पूर्वी रोज बाजरीची भाकरी, भात सणावारी. आता कुकडी प्रकल्पाचं पाणी आलं, हातात पैसा आला, भात रोजचा झाला. आम्ही इंद्रायणी घेतला, कारण तो मऊ आणि चिकटसर होतो, वाडग्यात बसतो. या इंद्रायणीची वंशावळही ऐका. वडगाव मावळच्या भात संशोधन केंद्रानं १९८७मध्ये हे वाण दिलं. आई-बापांत एक आपला आंबेमोहर आणि दुसरा आय. आर. ८. हा आय. आर. ८ फिलिपिन्समधल्या आंतरराष्ट्रीय भात संशोधन संस्थेनं १९६६मध्ये काढला. त्याच्या आई-बापांत एक तैवानचा बुटका भात आणि दुसरा 'पेटा' नावाचा इंडोनेशियाचा. आमच्या नदीतली राख इंडोनेशियाची आणि आमच्या वाडग्यातल्या भाताचा एक आजाही तिथलाच.

दादांसाठी वहिनींनी आत, गॅसवर वेगळं केलं. हंगेरीत बटाट्याचाही असा पदार्थ आहे, 'पाप्रिकाश क्रुम्प्ली'. तिकडे त्यात बहुतेक वेळा मांस घालतात, वहिनींनी ते गाळलं. आंबेगावच्या सातगाव पठारावरचा बटाटा, तोच कांदा, तीच ब्याडगी.

आम्ही सगळे परसात जेवायला बसलो. रस्सा गोडसर, तिखट, थोडा आंबूस, भाताशी चांगला मिळून आलेला. वहिनी म्हणाल्या, "खोबरं-लसूण असतं तर आणखी बरं झालं असतं." उद्या त्या ते घालतीलच आणि शंभर वर्षांनी कुणीतरी म्हणेल, हा आमच्या जुन्नरचा जुना पदार्थ.

दादांचा वाडगा पुतण्यानं स्वतः नेऊन ओट्यावर ठेवला आणि तिथेच उभा राहिला. दादांनी वाडग्याकडे पाहिलं.

"ह्यात काय काय हाय?" त्यांनी विचारलं. वहिनींना नव्हे, पोराला.

"बटाटा, कांदा, मिरची, भात," तो म्हणाला.

"मग ह्यात परकं काय हाय?"

मी तोंड उघडलं. वहिनींनी माझ्याकडे पाहिलं. मी तोंड मिटलं.

दादांनी दोन घास खाल्ले. मग शेजारची जागा हातानं झाडून म्हणाले, "बस. तिकडं थंडी लई असती का रं?"

(नभोवाणीवरील भाषणाचे संपादित रूप)